दुसरा गडी

टीव्हीचा पडदा मधोमध चिरलेला होता. उजव्या अर्ध्यात विनेशची लाल गाडी सुसाट पळत होती. डाव्या अर्ध्यात एक निळी गाडी भिंतीला नाक लावून उभी होती.

“ह्यो खेळ तर एकट्याचा ना?” किशोरीने नवऱ्याला विचारलं.

“व्हता. वीस वर्सांचा जुना हाय. नेटवरनं खेळ बदलनारा मॉड टाकला. आता पडद्याचे दोन भाग होतात, शेजारी बसून दोघं खेळतील.”

“दुसरं कोन?”

“येल कोनतरी,” विनेश तिच्याकडे न बघताच म्हणाला.

येईल कोणीतरी! पावसाळ्याची मासेमारी बंद, बोटी रेवदंड्याच्या किनाऱ्यावर ओढून झापांनी शाकारलेल्या. विनेश तांडेल, बोट हाकणारा. पुढच्या आठवड्यात दर्यावर जाईपर्यंत रिकामाच. किशोरी मात्र सकाळीच सुक्या मासळीची पाटी घेऊन बाजारात. म्हणजे दुपारपर्यंत रान मोकळं.

त्यात शेजारच्या आवडाबाईने तेल ओतलं. “तुजा घरवाला खोलीत कोनाशी बोलतो गं? ‘हां, आता दिसतंय,’ म्हनत व्हता. मी माज्या कानांनी आयकलंय.”

शंका एकदा घरात शिरली की भांडीकुंडीसुद्धा चहाड्या करायला लागतात. जवळ्याच्या कालवणावर ताट चाटून पुसून ठेवणारा माणूस हल्ली ताटातला डावीकडचा अर्धा भात तसाच टाकून उठायचा. बाहेर कोण वाढत होतं त्याला? डाव्या खांद्यावर काळानिळा डाग दिसला. विचारलं तर म्हणाला, “दाराला लागलं.” सोळा वर्षं त्याच दारातून ये-जा करतोय, आणि दार त्याला आत्ताच लागायला लागलं!

किशोरीला संताप आला, आणि संतापापेक्षा जास्त रडू. पण ती रडली नाही. दोघांना एकदम पकडायचं आणि तडक माहेरी, बोर्लीला जायचं, असं तिने ठरवलं. पिशवीही भरून ठेवली.

मंगळवारी अर्धी पाटी विकून ती अकरालाच परतली. चपला अंगणात काढल्या. आतून खेळाचा आवाज येत होता. तिने दार ढकललं.

खोलीत विनेश एकटाच होता. दुसरी खुर्ची नव्हती, दुसरा कप नव्हता. खेळायचा रिमोटही एकच, त्याच्या हातात.

ती तरातरा त्याच्या डाव्या बाजूला जाऊन कमरेवर हात ठेवून उभी राहिली. आता दचकेल, मग काहीबाही थापा मारेल. तो दचकला नाही. ती वाकली. तिचा पदर जवळजवळ त्याच्या गालाला लागला. त्याची नजर पडद्याच्या उजव्या अर्ध्यावरच होती.

तिने तिथूनच, त्याच्या डाव्या डोळ्याच्या बाजूला वीतभर अंतरावर हात हलवला. एकदा, दोनदा. पापणी लवली नाही.

तेवढ्यात त्याला सुक्या मासळीचा वास आला असावा. त्याने खेळ थांबवला आणि मान उजवीकडे वळवून रिकाम्या खिडकीकडे बघत हसून विचारलं,

“किशोरी? कुठं उभी हायस गं?”