घटिकापात्रातला दाणा

तांब्याचं घटिकापात्र पाण्यावर तरंगत होतं. तळाच्या भोकातून पाणी भरून ते बुडालं की मुहूर्त. पण त्या भोकात अक्षतेचा दाणा अडकवला की काळच थांबतो, हे फक्त खांबेटे गुरुजींना ठाऊक. एवढी सिद्धी हाती असून आपण आजवर केलं काय, तर मांडवात डुलक्या काढल्या, याचं त्यांना हसू आलं.

आज बोहल्यावर त्यांचीच लेक होती. रडून मुहूर्त लांबवणाऱ्या वधूपित्यांवर जन्मभर डाफरलेल्या गुरुजींनी हळूच दाणा अडकवला. अख्खा मांडव थिजला. थोडाच वेळ, असं स्वतःला बजावत ते लेकीसमोर बसले, मनसोक्त रडले. मग नाक पुसून दाणा काढला आणि पात्र बुडताच "सावधान!" म्हणून गरजले.

माळा पडल्या. नमस्काराला वाकलेली लेक थबकली.

"बाबा, दाढी सकाळीच केली होतीत ना? मग ही वीतभर कुठून आली?"