चाळीस पावलं

वाटणीपत्रात बापानं लिहिलं होतं: "घराच्या भिंतीपासून माझी चाळीस पावलं थोरल्याची, पुढची जमीन धाकट्याची." ती चाळीस पावलं कुठं संपतात यावर दोघे भाऊ कोर्टात गेले. कोर्टानं मोजणीला मला कमिशनर नेमलं. मी म्हटलं, "वडील हयात आहेत ना? त्यांनाच चालू द्या." स्वतःचीच पाठ थोपटून घेतली. म्हातारा काठी टेकत निघाला. मी मोजत, फक्कीच्या खुणा करत मागे. "बाबा, लांब टाका पाय!" थोरला ओरडला. "चालू दे त्यांना सावकाश," धाकटा म्हणाला. आखूड पावलांत त्याचंच फावत होतं. एकतिसाव्या पावलाला म्हातारा कोसळला. मी फक्की टाकून मनगट धरलं. नाडी लागेना. "गाडी आणा!" मी ओरडलो. कुणी हललं नाही. "एकतीस झाली, साहेब, लिहून घ्या," थोरला म्हणाला. "तीसच," धाकटा म्हणाला, "पडताना टाकलेलं पाऊल धरायचं नाही."