निळ्या पाठीची मेंढी

दाराएवढा ओला कॅनव्हास बाभळीला टेकवून चित्रकार हेरंब पाणी प्यायला गेला, तेवढ्यात शेजारच्या तळावरच्या जकाप्पाच्या मेंढ्यांनी त्यातल्या निळ्या आभाळाला मनसोक्त पाठी घासल्या. आणि पाठीवर निळा रंग ही तर ठकूबाईच्या कळपाची खूण! बघता बघता दोन्ही कळप मिसळले.

"ठकूआक्का, रंग फासून माझ्या मेंढ्या लाटतीस व्हय?" जकाप्पाने काठी आपटली.

"मी कशाला? ह्या येड्याचं आभाळ गळलंय!"

हेरंब मान खाली घालून उभा राहिला. धनगरांचं जगणं रंगवायला ठकूबाईने त्याला तळावर ठेवून घेतलं होतं, भाकरी घातली होती. आता बोचकं बांधावं लागणार, हे त्याने ओळखलं.

सांजेला ठकूबाईने दोन्ही तळांवरची कोकरं सोडली. दिवसभराची भुकेली कोकरं बें बें करत घुसली आणि रंगाला भीक न घालता आपापल्या आईला लुचली. त्यावरून कळप वेगळे झाले. उरली एक निळी, भाकड मेंढी. तिला लुचायला कोण येणार? जकाप्पाची काठी पुन्हा वर गेली.

ठकूबाईने मेंढीचा कान धरला आणि हेरंबच्या हातात दिला. "ही ह्याची. मिटला तंटा."

जकाप्पा हसला. "घ्या पाव्हणं. पन वळायची तुमीच!"

"पाव्हणा कशाचा? कळपात मेंढरू हाय त्येचं. आता त्येला तळावरनं जा म्हनायची कुणाची टाप हाय?"

हेरंबचे डोळे भरून आले. त्याला हात जोडायचे होते, पण कान सोडला असता तर मेंढी पळाली असती.