कानाची पाळी

मैदानात वेस्लीने कानाची पाळी ओढली, आणि समोरच्या संघाच्या बाकावर बसलेला टेरन्स आतून जळून गेला.

अमेरिकन फुटबॉलच्या एकाच संघात वर्षानुवर्षं वेस्ली चेंडू फेकायचा आणि टेरन्स दूरवर पळत जाऊन तो झेलायचा. ही खूण दोघांनी वेस्लीच्या घरी जेवताजेवता ठरवली होती. पाळी ओढली की आत वळल्याचं सोंग करायचं आणि डाव्या रेषेकडे सुटायचं. पुढे गुडघा कुरकुरू लागला, तसं संघाने टेरन्सला दुसऱ्या संघाला देऊन टाकलं. आज ती खूण त्याच्या जागी आलेल्या नव्या खेळाडूसाठी होती. त्याने चेंडू अलगद झेलला. वेस्ली धावत जाऊन त्याच्या गळ्यात पडला.

टेरन्सने आपल्या बचावपटूला जवळ बोलावलं.

"त्याने कान ओढला की त्यांच्या डाव्या रेषेकडे पळ. चेंडू तिथेच येणार."

शेवटच्या मिनिटाला वेस्लीने पुन्हा कान ओढला. चेंडू थेट बचावपटूच्या हातात गेला आणि सामना संपला. सगळे टेरन्सची पाठ थोपटू लागले.

वेस्ली मैदान ओलांडून त्याच्याकडे आला.

"कोच आठवडाभर मागे लागले होते, खूण बदल म्हणून," तो शांतपणे म्हणाला. "मी म्हटलं, टेरन्स सांगणार नाही."

टेरन्सने हात पुढे केला. तोवर वेस्ली वळला होता. रडवेल्या झालेल्या त्या नव्या खेळाडूच्या खांद्यावर हात टाकून तो त्याला आत घेऊन गेला.