दोनशे बारा खिळे

एक्क्याण्णव नंबरचा खिळा काही केल्या निघेना. आजोबांनी पक्कड खाली ठेवली, तळहात सदऱ्याला पुसले आणि झाडाची माफी मागितली.

"दादा, तुझे दात काढताना डॉक्टरला इतका वेळ लागला नव्हता," आत्याआजी खालून म्हणाली. ती आजोबांची धाकटी बहीण. गुडघ्यांमुळे तिला उतार चढवत नसे. म्हणून ती पायथ्याच्या दगडावर डबा घेऊन बसे आणि तिथूनच सगळा कारभार चालवी.

नात नंबराचा पत्रा धरून उभी होती. तिचे प्रश्न संपत नसत म्हणून घरात तिला टिटवी म्हणत. पण खिळा निघताना ती गप्प राही. शेवटी खिळा कुरकुरत बाहेर आला आणि पत्रा तिच्या हातात पडला. मग तिघांनी झाडाकडे पाठ करून डबा उघडला. झाडं लाजरी, कोणी बघत असलं की पाऊल टाकत नाहीत.

जेवून वळून बघितलं तर तिथे खड्डा होता, आणि ओल्या मातीत मुळांचा माग.

"गेलं बाई एकदाचं माहेरी," आत्याआजी म्हणाली. तिघांनी हात जोडले.

एके काळी या उतारावरची सगळी झाडं चालत. पाणी आटलं की पाण्याकडे जात. उन्हात म्हातारं माणूस बसलेलं दिसलं की दोन पावलं सरकून त्याच्यावर सावली धरत. डोंगरामागचा झरा हे त्यांचं मूळ घर. समुद्रापलीकडून आलेल्या साहेबांना हे परवडेना. आज इथे मोजलेलं झाड उद्या भलतीकडे, मग यादी जुळायची कशी? लोखंड अंगात गेलं की झाड जागचं हलत नाही, हे त्यांना कुणी घरभेद्याने सांगितलं. मग पत्रे आले, नंबर आले, आणि खिळे ठोकायला एकोणीस वर्षांचा एक अचूक हाताचा पोरगा नोकरीला लागला. तो पोरगा म्हणजे आजोबा.

त्यानंतर दर वर्षी कारकून यादी घेऊन उतारावर येई, एकपासून दोनशे बारापर्यंत हजेरी घेई आणि झाडांना बजावून जाई की खिळा काढला की लाकडाच्या वखारीपाशी यायचं आणि नंबर पुकारला की आत शिरायचं, एकामागे एक, गडबड न करता. नंबर पुकारायची वेळ मात्र आलीच नाही. त्याआधीच साहेब बोटीत बसून निघून गेले. रानापलीकडच्या वखारीला कुलूप लागलं, तिकडचा रस्ता मोडला. खिळे तेवढे राहिले.

ज्या हाताने ठोकला त्याच हाताने काढायचा, असा त्या लोखंडाचा नियम. आणि आजोबांचा हात आता थरथरायला लागला होता. डॉक्टरने जिने चढायलासुद्धा मनाई केली होती. आजोबा म्हणाले, डॉक्टरांनी जिन्याचं सांगितलंय, डोंगराचं काही बोलले नाहीत.

टिटवीने एकदा विचारलं की दोनशे बारापासून उलटं का मोजत यायचं. आजोबांनी पक्कड पुसून खाली ठेवली. मग त्यांनी सांगितलं की पहिल्या नंबरचं झाड त्यांच्या ओळखीचं होतं. आजोबा लहान असताना त्यांची आई शेतात राबे, तेव्हा झोळीतल्या त्यांच्यावर तेच सावली धरायचं. हाक मारली की यायचं. नोकरीच्या पहिल्या दिवशी त्यांनी त्याला हाक मारली. ते आलं, आणि खिळा ठोकून होईपर्यंत हललं नाही.

"त्याला तोंड दाखवायची हिंमत शेवटी तरी होईल म्हणून," ते म्हणाले.

मोकळी झालेली झाडं कुठे जातात ते त्यांनी कधी पाहिलं नाही. माग खालच्या झुडपांत शिरे आणि दिसेनासा होई. टिटवीला मागोमाग जायचं असे, पण आजोबा म्हणत, निरोप दिल्यावर मागे जाऊन डोकावू नये. आपण पाप केलं, आपण फेडलं. पावती मागायची नाही.

सातव्या आठवड्यात पहिला नंबर आला. आजोबा त्याच्या बुंध्याला डोकं टेकवून किती वेळ उभे होते, कोण जाणे. आत्याआजीने त्या दिवशी एकही टोमणा मारला नाही. खिळा मात्र सहज निघाला, जणू झाडानेच तो पुढे केला.

त्या दिवसानंतर आजोबा अंथरुणातून उठले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनीच आपला नियम मोडला. टिटवीला जवळ बोलावून म्हणाले, मागोमाग जा बाळ, झऱ्यापाशी पोचली का तेवढं बघून ये. म्हणजे मी सुटलो.

ती दुपारी परतली. पाय काट्यांनी ओरबाडले होते.

"पोचली?" आजोबांनी विचारलं.

"पोचली."

"सगळी?"

"सगळी. मी मोजली, आजोबा. दोनशे बारा."

"आणि ते? माझं?"

"सगळ्यांच्या पुढे उभं आहे. बाकीच्यांनी त्याच्यासाठी जागा ठेवली होती."

आजोबांच्या डोळ्यांना धार लागली. एवढा मान, आणि तोही मी खिळवलेल्या झाडाला, असं काहीतरी ते पुटपुटले. मग त्यांनी छातीवर हात जोडले.

"म्हणजे माफ केलं म्हणायचं त्यांनी मला."

"हो, आजोबा."

ते शांत झोपले. आत्याआजी टिटवीच्या पायातले काटे काढायला बसली. झरा अजून वाहतो का गं, म्हणून तिने हळूच विचारलं. टिटवी झऱ्यापर्यंत गेलीच नव्हती.

माग डोंगराकडे वळलाच नव्हता. तो झुडपांतून, मोडक्या रस्त्याने, सरळ वखारीच्या कुलूप लावलेल्या फाटकापाशी गेला होता. तिथे झाडं एकामागे एक उभी होती. सगळ्यात आधी सुटलेलं दोनशे बारावं सगळ्यात मागे, काल सुटलेलं पहिलं सगळ्यात पुढे. अंगावर एकही पत्रा नसलेली ती दोनशे बारा झाडं, गडबड न करता, आपला नंबर पुकारला जायची वाट बघत होती.