एकच निवाडा

या, जरा पुढे सरका, मागच्यांनाही ऐकू येऊ दे. एका घराची गोष्ट सांगतो. घर एक, बायका दोन, आणि न्याय मात्र आधीच होऊन गेलेला.

सगळ्यांत मोठ्या कोर्टात अपिलाची शेवटची सुनावणी होती. एका बाकावर सून, मांडीवर झोपलेली पोर. दुसऱ्या बाकावर सासू, ताठ. सुनेचा नवरा, म्हणजे सासूचा एकुलता एक मुलगा, वारला होता. घर सासूने शिलाई करून उभं केलेलं, तिच्याच नावावर. मुलगा गेल्यावर तिने सुनेला घर सोडायला सांगितलं. खालच्या कोर्टाने सासूच्या बाजूने निकाल दिला. देणारच, कारण फार पूर्वी अशाच एका दाव्यात याच मोठ्या कोर्टाने ठरवून ठेवलं होतं : नवरा गेला की सासरच्या घरात सुनेचा हक्क संपला. आज हरली तर सुनेला पोरीसकट रस्ता.

"त्या निवाड्याने किती सुना बाहेर काढल्या, मोजदाद नाही," सासूचा वकील म्हणाला. "काळजी सोडा, मावशी."

"सोडली. तुम्ही तेवढा तो निवाडा अख्खा वाचा. दुसरं काही मांडू नका."

"अहो, माझ्याकडे आणखी चार मुद्दे आहेत."

"सगळा दावा त्या एकाच खुंटीला टांगा म्हटलं ना."

तेवढ्यात सुनेचा वकील तडजोड घेऊन आला. मागची खोली द्या, आम्ही अपील मागे घेतो.

"घासाघीस करायला बाजार आहे," सासू म्हणाली. "इथे मी निकाल घ्यायला आलेय."

सून हळूच म्हणाली, "आई, नातीचा तरी विचार करा."

"तोच करतेय."

बाईचं काळीज आहे की वरवंटा, असं मागून कोणीतरी पुटपुटलं.

वकिलाने निवाडा वाचला, अगदी शेवटच्या ओळीपर्यंत. मुख्य न्यायाधीशांनी चष्मा पुसला.

"आधीचे गेले त्या वाटेने जावं, हे खरंच. लोकांना उद्याचा भरवसा राहतो. पण वाटच खड्ड्यात उतरत असेल तर? वकीलसाहेब, त्या जुन्या दाव्यातल्या सुनेचं पुढे काय झालं?"

"निवाड्यात नाही, साहेब. तिचं नावही झाकलेलं आहे."

"म्हणजे आम्हीच तिला बाहेर काढलं, आणि मागे वळून पाहिलंही नाही."

दुपारी निकाल लागला. जुना निवाडा चुकला होता, तो आजपासून रद्द. ही सून घरातच राहील, आणि यापुढे कुठल्याही सुनेला असं काढता येणार नाही.

बाहेर वकिलाचा चेहरा पडला होता. "मावशी, तडजोड ऐकली असती तर निदान जुना निवाडा तरी टिकला असता."

"हो ना," सासू म्हणाली. तिने नात सुनेच्या खांद्यावरून आपल्या खांद्यावर घेतली. "चल गं, घरी जाऊ. उन्हं उतरली."

सून जागची हलेना. सासूने तिचा हात धरला आणि पायऱ्या उतरायला लागली.

तर बाबांनो, आज देवापुढे हात जोडाल तेव्हा त्या म्हातारीची आठवण ठेवा. जुन्या निवाड्यातली ती नाव झाकलेली सून म्हणजे तीच.