पायरीवरचा अंगठा

मिस्त्रींनी छिन्नी बरोबर आपल्या अंगठ्याच्या ठशावर टेकवली आणि हातोडा उचलला. दारातली ही पायरी त्यांनी स्वतःच्या हातांनी घातली होती, आणि आज स्वतःच्याच हातांनी ती फोडायला बसले होते.

सिमेंट लेकीचं होतं. ती सिमेंटच्या कारखान्यात, प्रयोगशाळेत कामाला. तिचं म्हणणं, नेहमीच्या सिमेंटसाठी चुनखडी भट्टीत भाजतात तेव्हा कोळशाचा धूर निघतोच, पण खुद्द दगडातूनही वायू सुटतो आणि त्यानं हवा तापते. म्हणून तिच्या सिमेंटमध्ये भाजलेला दगड निम्माच. बाकी कमी आचेवर भाजलेली माती आणि कच्च्या दगडाची पूड. "मातीच भाजायची होती तर कुंभाराकडे शिकायला जायचं होतंस," असं म्हणून मिस्त्रींनी तेव्हा तिला उडवून लावलं होतं.

पण लेक बापाच्याच वळणावर गेलेली. एकही ठेकेदार तिच्या पोत्याला हात लावत नव्हता, आणि नव्या शाळेच्या कामावर मिस्त्री सांगतील तेच सिमेंट येणार होतं. तेव्हा घरची पायरी घालायची, महिन्याभरानं फोडून बघायची आणि मग काय ते ठरवायचं, असं दोघांचं ठरलं. सुरुवातीला हे सावकाश घट्ट होतं, दोन दिवस हात लावू नका, असं तिनं बजावलंही होतं. मिस्त्रींना कुठला धीर? दुसऱ्या दिवशी उजाडताच त्यांनी सवयीनं कोपऱ्यात अंगठा दाबला. तो नखभर आत गेला. मग काय, गल्लीतल्या येणाऱ्याजाणाऱ्याला बोलावून त्यांनी तो खड्डा दाखवला, आणि लेक आठवडाभर त्यांच्याशी धड बोलली नाही.

आत्ता ती हाताची घडी घालून चौकटीला टेकून उभी होती. पहिला घाव बसला. काहीच झालं नाही.

"नीट मारा," चहा घेऊन आलेली बायको म्हणाली. "लेकीचं तोंड बघून हात आखडू नका."

हे मिस्त्रींना झोंबलं, कारण ते खरं होतं. त्यांनी बाह्या सारल्या आणि अंगातला सगळा जोर लावून हातोडा हाणला. छिन्नी ठणकन वाजली आणि हातातून निसटून पार रस्त्यात जाऊन पडली. समोरच्या शिंप्यानं मशीन थांबवून मान वर केली. ठशाच्या कडेला पांढरा ओरखडा तेवढा उठला होता. अंगठ्याचा ठसा होता तसाच, रेषान् रेष शाबूत.

मिस्त्रींनी छिन्नी उचलून आणली. तिचं टोक बोथट झालं होतं. त्यावरून बोट फिरवताना त्यांना हसू आवरेना. जन्मात त्यांनी कुणापुढे हार मानली नव्हती, आणि आज हरल्यावर छाती अशी फुगली होती की सदऱ्याची बटणं तुटावीत.

लेक डोळे पुसत आत पळाली आणि घमेल्यात मूठभर सिमेंट कालवून घेऊन आली. तेवढा ठसा बुजवून टाकते, म्हणाली, म्हणजे पायरी कशी गुळगुळीत होईल.

मिस्त्रींनी तिच्या हातातली थापी काढून घेतली.

"राहू दे तो. येताजाता दिसला पाहिजे मला," ते म्हणाले. "आणि शाळेच्या पायऱ्या घातल्या की दोन दिवस मला तिकडे फिरकू देऊ नकोस."